हरभरा ७×७ : प्रकल्प नोंदी

१४ जून २०२४
आज कुंड्या भरल्या. शेडनेटमध्ये सात ओळी, प्रत्येक ओळीत सात, एकूण ४९. त्यातले ४२ नमुने उन्हाळ्यात गावोगाव फिरून गोळा केलेलं घरगुती हरभऱ्याचं बियाणं. बहुतेक बीड, नगर, सोलापूरकडचं. उरलेल्या सात कुंड्यांत चेक, म्हणजे तपासणीसाठी ओळखीचे वाण: विजय, दिग्विजय, जाकी ९२१८, आयसीसी ४९५८, आयसीसी १८८२, जेजी ६२ आणि एक काबुली.

चेक कुठे ठेवायचे यावर मी कागद घेऊन बसले होते. मामांनी पाहिलं आणि म्हणाले, "ताई, तिरके लावा की. प्रत्येक ओळीत एक येतो, प्रत्येक रांगेत पण एक येतो, आणि लांबूनसुद्धा ध्यानात राहतं." तसंच केलं. १-१ ला विजय, २-२ ला दिग्विजय, मधोमध ४-४ ला काबुली, असं ७-७ पर्यंत. ओळ आधी, कुंडी नंतर. पाकिटांवर मामांच्या हाताने मार्करने आकडे.

विचारायचं एवढंच आहे: दुष्काळात तग धरण्याशी जोडलेला जनुकांचा जो तुकडा आयसीसी ४९५८ मध्ये सापडला, तो आपल्याकडच्या घरगुती बियाण्यात आधीपासून कुणाकडे आहे का? असेल तर बाहेरून आणायला नको.

५ जुलै
तीन आठवड्यांची कोवळी पानं खुडली. सीटॅब या रासायनिक पद्धतीने त्यांतून डीएनए काढला. जेलवर पट्ट्या स्वच्छ आल्या, दोनच पुन्हा कराव्या लागल्या. सगळे नमुने ९६ खळग्यांच्या प्लेटमध्ये भरून सिक्वेन्सिंगला, म्हणजे डीएनएची अक्षरं वाचायला, पाठवले. सोबत कोणत्या खळग्यात कोणता नमुना याची स्प्रेडशीट. ती ज्युनिअर ताईने केली, मी वरवर पाहिली.

२९ ऑगस्ट
हार्ड डिस्क आली. कुरिअरवाल्याने फाटकातून टाकली असती, वॉचमनने हातात घेतली म्हणून वाचली.

हरभऱ्याचा संदर्भ जनुकसंच, म्हणजे ज्याच्याशी बाकीचे ताडून पाहायचे तो, ७३८ मेगाबेसचा, म्हणजे ७३ कोटी ८० लाख अक्षरांचा. आम्ही दहापट वाचन मागितलं होतं, म्हणजे नमुन्यामागे ७.३८ अब्ज अक्षरं. एक वाचन १५० अक्षरांचं, म्हणजे एका कुंडीतल्या चार पानांतून साधारण ४ कोटी ९२ लाख तुकडे. असे ४९ नमुने. दाबलेल्या फाइली मिळून पावणेतीनशे जीबी, उलगडल्यावर विचारू नका.

एक फाइल उघडून सरांना दाखवली. प्रत्येक तुकड्याला चार ओळी. पहिलीत @ आणि तुकड्याचं नाव, दुसरीत ए, सी, जी, टी, तिसरीत नुसतं +, चौथीत प्रत्येक अक्षराच्या खात्रीचं चिन्ह. आमच्या मशिनने चारच चिन्हं वापरली आहेत आणि बहुतेक ठिकाणी 'एफ' आहे. एफ म्हणजे ३७ गुण, म्हणजे पाच हजारांत एखादं अक्षर चुकण्याची शक्यता. सर म्हणाले, "वा, आपल्या हजेरीपटापेक्षा बरं आहे."

फाइली वाटेत बिघडल्या नाहीत ना, हे पाहायला एमडी५ बेरजा जुळवल्या. एक फाइल जुळली नाही, पुन्हा मागवली.

६ सप्टेंबर
जगातला हरभरा, म्हणजे त्याचा जाहीर डेटा, उतरवतेय. कॉलेजचं नेट रात्री अकरानंतर मोकळं होतं, त्यामुळे मीही अकरानंतरच मोकळी.

किती साठलंय ते बघून दडपायला होतं. २०१३ मध्ये पहिला संदर्भ जनुकसंच आला: सीडीसी फ्रंटिअर हा काबुली वाण, २८,२६९ जनुकांचा अंदाज. त्याच वर्षी दिल्लीच्या एनआयपीजीआर या वनस्पती जनुकसंच संशोधन संस्थेच्या गटाने आयसीसी ४९५८ हा देशी वाण वाचला. २०१९ मध्ये ४५ देशांतल्या ४२९ वाणांचं वाचन आलं. २०२१ मध्ये ३,३६६: त्यात ३,१७१ लागवडीखालचे आणि १९५ रानटी. सगळ्यांचा मिळून पॅन-जीनोम, म्हणजे जनुकांची एकत्र यादी, केला तेव्हा २९,८७० जनुकं निघाली, त्यातली १,५८२ आधी नोंदच नसलेली. हा कच्चा माल कुणीही उतरवून घेऊ शकतो. मानवी जनुकसंचाच्या काळात, १९९६ मध्ये बर्म्युडाला ठरलं होतं की वाचलेला क्रम चोवीस तासांत जाहीर करायचा. त्या वळणाचा फायदा मी २०२४ मध्ये हॉस्टेलच्या खोलीत बसून घेतेय.

एक गोष्ट मात्र खटकते. सीडीसी म्हणजे कॅनडातलं सॅस्कॅचवानचं क्रॉप डेव्हलपमेंट सेंटर. आम्हाला बियाणं देणाऱ्या आष्टीच्या आजींचा बारीक तपकिरी हरभरा मी कॅनडाच्या टपोऱ्या काबुलीवर ठेवून मोजणार. जे आजींच्या दाण्यात आहे आणि काबुलीत नाही, ते तुकडे कुठेच बसणार नाहीत आणि 'न जुळलेले' म्हणून बाजूला पडतील. देशी संदर्भावरही एकदा चालवायचं ठरवलं. वेळ दुप्पट, पण करायचं.

१९ सप्टेंबर
दोन दिवस नावांत गेले. आमच्या फाइलीत चौथं गुणसूत्र 'सीए ४', एनसीबीआय या अमेरिकेतल्या जनुक-डेटाच्या भांडारातल्या फाइलीत तेच 'एनसी ०२११६३.१'. प्रोग्रॅम तक्रार करत नाही, निमूटपणे शून्य जुळण्या दाखवतो. त्यात एक फाइल मोजणी शून्यापासून करते, दुसरी एकापासून, म्हणजे सगळं एका अक्षराने सरकलेलं. हे दर वेळी माहीत असतं आणि दर वेळी चुकतं.

१ ऑक्टोबर
नमुन्यांच्या नात्यांचं पहिलं झाड तयार झालं. वंशवृक्ष म्हणायला संकोच वाटतो, पण सगळे म्हणतात.

आधी चेक पाहिले. सातही जिथे हवे तिथे. काबुली जगातल्या काबुलींच्या फांदीवर, आणि आयसीसी ४९५८ सार्वजनिक डेटातल्या आयसीसी ४९५८ ला चिकटून. सर खूश. "चेक बरोबर आले म्हणजे प्लेट बरोबर," ते म्हणाले, मीही मान डोलावली. हे वाक्य मुद्दाम लिहून ठेवतेय.

मग घरगुती नमुने. बरेचसे एकाच मोठ्या घोळक्यात. पण २-५ सरळ विजयला चिकटला. दोघांत फरक इतका थोडा की एकाच पोत्यातले दोन दाणे म्हणावेत. २-५ म्हणजे आष्टी तालुक्यातल्या आजींचं बियाणं. 'सासूबाईंपासूनचं', पिढ्यान्‌पिढ्या घरचं, असं त्यांनी सांगितलं होतं. आणि निघाला राहुरीचा, नव्वदच्या दशकातला विजय.

होतं असं. सुधारित वाण गावात येतो, वीस-पंचवीस वर्षं घरचंच बी धरलं जातं, आणि तो गावरान होऊन जातो. आमच्या चर्चेच्या प्रकरणाला चांगला परिच्छेद मिळाला.

८ ऑक्टोबर
आजींना फोन केला. करायला नको होता. निकाल पक्का होईपर्यंत थांबायचं, पण मला राहवलं नाही. त्यांनी अर्धा किलो बी दिलं होतं, वर चहा, भाकरी आणि हरभऱ्याची वाळलेली भाजी. त्यांना कळायला हवं असं वाटलं.

"आजी, तुमचं बियाणं विजय आहे."

"कोण म्हणतं?"

"मशिननं वाचलंय आजी. डीएनए."

"अगं पोरी, विजय मला ठाऊक न्हाई व्हय? माझ्या थोरल्यानं पाच वर्सं केला. विजयला देठाला एकच घाटा लागतो. माझ्याला दोन लागत्यात. जोडघाटी म्हणतो आम्ही त्याला."

मी समजावलं की कधी कधी दिसण्यात आणि आतल्या रचनेत फरक असतो वगैरे. आजी ऐकून घेत होत्या. शेवटी म्हणाल्या, "बरं, तुझ्या मशिनचं तू बघ."

फोन ठेवल्यावर वाचलं. दोन घाट्यांचं लक्षण एका अप्रभावी जनुकावर चालतं, आमच्या चेकमधल्या जेजी ६२ चीही तीच ओळख. विजय एकघाटीच. या लक्षणासाठी जेजी ६२ आणि विजय यांचा संकर वापरून नकाशेही केलेले आहेत. आजींच्या आठवणीत घोळ असेल असं मी वहीत लिहिलं होतं. ते खोडलं नाही, राहू दे.

११ नोव्हेंबर
पेरणी. परतीच्या पावसाने वाफसा उशिरा आला. पाकिटं तीच, मामांच्या हातची, मांडणी तीच ७×७. कुंड्यांतलं शास्त्र आता जमिनीत.

दुसरीकडे, कोलंबियातल्या काली शहरात झालेल्या जैवविविधता परिषदेत जनुकीय क्रमांच्या डेटाचा फायदा वाटून घ्यायला निधी ठरलाय. असा डेटा वापरणाऱ्या मोठ्या कंपन्यांनी नफ्याचा १ टक्का किंवा उलाढालीचा ०.१ टक्का द्यावा, असा दर सुचवलाय. द्यावा, द्यायलाच हवा असं नाही. हे आजींपर्यंत कोणत्या वाटेने पोचणार, हे मला दिसत नाही.

२२ डिसेंबर
शेतात गेले. सकाळी साडेसात, पानांवर आंब. बोट लावून चाटलं, आंबट-खारट. लहानपणी आत्या मलमलीचं फडकं रात्री हरभऱ्यावर पसरायची आणि पहाटे पिळून बाटलीत भरायची, पोटदुखीवर. पँट गुडघ्यापर्यंत ओली.

फुलं धरलीत. गुलाबी-जांभळी सगळी. ४-४ ला पांढरी, तो आमचा काबुली चेक. आणि ६-३ ला पांढरी.

६-३ ला पांढरी का?

मामांना विचारलं. ते म्हणाले, "बी पण तसंच होतं ताई, बारीक पण फिकट. मी भरलं ना पाकीट." मी ते बी कधी पाहिलंच नव्हतं. आमच्या माहितीपत्रकात दाण्याच्या रंगाचा रकानाच नाही. गावाचं नाव, अक्षांश-रेखांश, समुद्रसपाटीपासूनची उंची आहे, रंग नाही!

२२ डिसेंबर, रात्री
पांढऱ्या फुलाचा जनुक माहीत आहे, इतर जनुकांना चालू-बंद करणाऱ्या बीएचएलएच वर्गातला. देशीत तो चालू असतो, काबुलीत निकामी. वेगवेगळ्या काबुलींत तो वेगवेगळ्या ठिकाणी मोडलेला सापडतो, म्हणजे पांढऱ्या फुलाचा हरभरा माणसांनी एकदाच नव्हे तर अनेकदा निवडला. हे २०१६ चं काम, मला फार आवडतं.

आमच्या डेटात ६-३ उघडला. जनुक धडधाकट. फूल गुलाबीच यायला हवं.

मग ४९ च्या ४९ उघडले. निकामी जनुक दोनच ठिकाणी: ४-४, म्हणजे काबुली चेक. आणि ३-६.

६-३ आणि ३-६. रात्री एक वाजता खुर्चीतून उठून खोलीत चकरा मारल्या.

२३ डिसेंबर
सापडलं. लिहितानाही हात थरथरतोय, हसूही येतंय.

ज्युनिअर ताईने स्प्रेडशीटमध्ये '३-६' टाइप केलं, शीटने त्याची ३ जून ही तारीख केली. तिच्या ते लक्षात आलं. तिने रकान्याचं स्वरूप बदलून 'दिवस-महिना' केलं, पडद्यावर पुन्हा ३-६ दिसायला लागलं. तिला वाटलं मिटलं. मीही तेच पाहिलं. आत मात्र तारीखच राहिली. तिकडे सिक्वेन्सिंगवाल्यांकडे ती फाइल अमेरिकन वळणाने, महिना आधी ठेवून उघडली गेली. ३ जून झाला ६-३. ६ मार्च झाला ३-६.

एखादा नमुना नव्हे, अख्खी मांडणी पालथी. ओळींच्या रांगा झाल्या, रांगांच्या ओळी. मांडणी ७×८ असती तर आठवी ओळ कुठून आली म्हणून त्याच दिवशी कळलं असतं. ७×७ असल्यामुळे प्रत्येक चुकीच्या नावाला एक खरी कुंडी मिळाली. आणि जे जागेवरून हलले नाहीत ते कोण? १-१, २-२, ३-३… तिरके! आमचे सातही चेक. ४२ नमुने आपसांत बदलले, २१ जोड्या, आणि ज्यांच्यावर भरवसा ठेवून प्लेट तपासली ते सात तेवढे बरोबर.

मामांना सांगितलं. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "म्हणजे माझ्या तिरक्यामुळे?" नाही मामा. तिरके लावणं बरोबरच होतं, आम्ही फक्त तिरक्यांकडेच पाहिलं.

कुणावर ढकलण्यासारखं काही नाही. शीट आमची, सही माझी. आणि हा रोग जुना आहे. माणसाच्या काही जनुकांची नावं सेप्ट आणि मार्च अशी होती. शीट त्यांच्या तारखा करायची आणि छापलेल्या शोधनिबंधांतही त्या तारखा जायच्या. शेवटी २०२० मध्ये नामकरण समितीने २७ जनुकांची नावंच बदलली. शीटशी भांडून उपयोग नाही हे जगाने कबूल केलंय. मी हे सगळं पहिल्या वर्षाच्या मुलांना शिकवतेसुद्धा.

२७ डिसेंबर
नुसती कल्पना जुळली म्हणून नावं बदलायची नाहीत, असं सरांनी सांगितलं, योग्यच. ६-३, ३-६, २-५, ५-२ या चार प्लॉटमधून ताजी पानं, पुन्हा डीएनए, या वेळी नळ्यांवर हाताने लिहिलेली नावं. दोन एसएसआर मार्करवर, म्हणजे डीएनएतल्या ओळखखुणांवर, चालवलं. चारही पालथ्या नावांशी जुळले.

पावणेतीनशे जीबीतलं एक अक्षरही बदललं नाही. बदलला तो ४९ ओळींच्या फाइलीतला एक रकाना. त्या फाइलीचं वजन दोन केबी.

३ जानेवारी २०२५
सगळं नव्या नावांनी पुन्हा.

विजयसारखा निघालेला नमुना खरा ५-२ चा. तो ज्या गृहस्थांनी दिला त्यांनी 'शंभर वर्षांचं बी' म्हणून फोटोही काढून घेतला होता. त्यांना मी फोन केलेला नाही. या वेळी करणारही नाही इतक्यात.

आजींचा २-५ मोठ्या घोळक्याच्या कडेला, थोडा एकटा.

आता मूळ प्रश्न. आयसीसी ४९५८ आणि आयसीसी १८८२ यांच्या संकरातून चौथ्या गटावर, म्हणजे चौथ्या गुणसूत्रावर, तो दुष्काळात तग धरण्याचा भाग सापडला होता, मुळांच्या आणि दाण्याच्या वजनाच्या अनेक गुणांशी एकदम जोडलेला. २०१५ मध्ये तो दोन तुकड्यांपर्यंत बारीक केला: एकात १५ जनुकं, दुसऱ्यात ११. पुसा चिकपी १०२१६ हा २०१९ चा वाण याच भागाच्या जोरावर आला. आमच्या ४२ मध्ये तसा भाग मोजक्याच नमुन्यांत दिसतो. ती यादी ऑक्टोबरमध्येही होती, संख्या आजही तेवढीच. गावं मात्र वेगळी. मार्चमध्ये त्या चुकीच्या गावांचं बी पुढच्या संकरासाठी निवडायचं ठरलं होतं. तक्ते, आलेख, सगळं नेटकं दिसलं असतं.

१० जानेवारी
काल दिल्लीत जीनोमइंडियाचा डेटा खुला केला. दहा हजार भारतीयांचे जनुकसंच, आठ पेटाबाइट, ठेवलेत फरिदाबादच्या इंडियन बायोलॉजिकल डेटा सेंटरमध्ये. चहाच्या वेळी सगळे आठ पेटाबाइटबद्दल बोलत होते. माझ्या डोक्यात एकच: त्यांच्या रकान्यांची नावं कुणी तपासली असतील? तिथे तर माणसं आहेत, आजार आहेत. त्यांचं काम आमच्यासारखं नसणार. पण प्रश्न आला खरा.

१९ जानेवारी
प्लॉट २-५. घाटे भरतायत. बसून मोजलं. एका देठाला दोन, खालच्या फांदीला दोन, वर शेंड्याकडे काही ठिकाणी एक. जोडघाटीच. शेजारच्या विजयला सगळीकडे एक-एक.

फोटो काढला. पाठवायला आजींकडे तसला फोन नाही, म्हणून नातवाला पाठवला.

२६ जानेवारी
झेंडावंदन उरकून आष्टीला गेले. आजी अंगणात तुरी बडवत होत्या. मी सगळं सांगितलं, तारीख, शीट, उलटी मांडणी. त्यांना शीटमध्ये काही रस नव्हता. मुद्द्यावर आल्या.

"म्हंजे विजय न्हाई."

"नाही आजी. माझं चुकलं."

"मी तवाच सांगितलं व्हतं." मग काठी थांबवून, "त्यो विजय मग कुणाचा निघाला?"

सांगितलं नाही. त्यांनी दोन-तीन नावं स्वतःच घेतली आणि तिसऱ्या नावाला माझा चेहरा पाहून हसल्या. पुढच्या वेळी मास्क घालून जायला हवं.

१२ फेब्रुवारी
डेटा जमा करण्याचं काम. फरिदाबादच्या केंद्रात कच्च्या फाइली जाणार, सोबत प्रत्येक नमुन्याचं वर्णन. शेतकऱ्याचं नाव द्यायचं नाही, अक्षांश-रेखांश तालुक्यापुरते गोल केले. नमुन्यांची नावं बदलली: आता २-५ नाही, 'ह०२०५'. पुढे अक्षर लावलं की शीट त्याला तारीख समजत नाही.

तीन रकाने वाढवले: दाण्याचा रंग, फुलाचा रंग, घरात म्हणतात ते नाव. रंगांसाठी मामा पाकिटं घेऊन बसले, मी लिहीत गेले. 'फिकट' आणि 'पिवळसर' यांत त्यांचा नि माझा वाद झाला, शेवटी फोटोही जोडले. नावाच्या रकान्यात ४२ पैकी निम्म्याहून अधिक ठिकाणी नुसतं 'घरचा' किंवा 'गावरान' आहे, कारण तेव्हा मी विचारलंच नव्हतं. त्या सगळ्यांना फोन करायचेत. आज पाच झाले.

ह०२०५: तपकिरी, गुलाबी, जोडघाटी.

१८ फेब्रुवारी
काढणी सुरू. प्रत्येक प्लॉटचं बी वेगळ्या कापडी पिशवीत, पिशवीवर नाव, पिशवीच्या आत चिठ्ठीवर पुन्हा तेच नाव.

दुपारी आजींच्या नातवाचा फोन. आजी विचारतायत, अर्धा किलो बी नेलं होतं, त्याचं काय झालं? उसनं बी सवाईनं परत करायचं असतं म्हणे. मामांनी ह०२०५ ची पिशवी तराजूवर ठेवली आणि सहाशे पंचवीस ग्रॅम बाजूला काढले.